सहानंतर नऊ

साठवणीच्या चाळीतल्या कांद्याचा उग्र वास आला की मला लासलगावचा तो दवाखाना आठवतो. कांदे निवडता निवडता आईची छाती शिट्टीसारखी वाजायला लागली होती. सिस्टरने तिच्या हातात दम्याचा पंप दिला. "हळू ओढा, मग दहा आकडे श्वास रोखून धरा."

"श्वास मिळंना म्हणून आले, अन् तुम्ही रोखायला सांगता?" आई चिडली.

"गोणीचं तोंड आवळावं तशा नळ्या आवळल्यात, मावशी. औषध आत थांबलं तरच त्या सैल होतील."

आईने माझा हात घट्ट धरला. मी मोजू लागले. तिचे डोळे बघवेनात, म्हणून सहानंतर एकदम नऊ म्हणाले.

थोड्या वेळाने शिट्टी थांबली. आई हसली. "सात-आठ कुठं गेले गं?"

आता पंप मी घेते आणि माझी लेक मोजते. तीही सात-आठ गाळते.