हिल्दीगुन्नुर म्हणजे चांदणं नव्हे

स्टेइनवोरला खोट्याचा तिटकारा होता, आणि गोड खोट्याची तर किळसच. आइसलँडच्या राजधानीत, शब्दकोशाच्या कचेरीत तिची सगळी नोकरी गेली. निवृत्त होऊन ती समुद्रकाठच्या आपल्या गावी परतली, तरी बाळांच्या नावांची पुस्तकं काढणारे लोक अर्थ तपासायला तिच्याकडेच पाठवत. नावाचा प्रत्येक तुकडा जुन्या भाषेत दिसल्याशिवाय ती पुढे सरकत नसे. नाहीच दिसला तर सरळ ‘ठाऊक नाही’ लिहीत असे. प्रकाशक ओर्वारला हे दोन शब्द मुळीच आवडत नसत.

त्या वसंतात त्याचं नवं पुस्तक टपालाने आलं. सुरुवातीलाच छापलं होतं, ‘सर्व अर्थ स्टेइनवोर यांनी तपासले आहेत.’ तिने आपल्या वारलेल्या बहिणीचं नाव त्यात शोधलं. हिल्दीगुन्नुर: शांत बर्फावरचं चांदणं.

नासका मासा धरावा तसं तिने ते पुस्तक लांब धरलं. हिल्दी म्हणजे लढाई आणि गुन्नुर म्हणजेही लढाई. तिने तसंच लिहून दिलं होतं. तिने ओर्वारला फोन लावला.

“अरे, हे चांदणं कुठून पैदा केलंस?”

“पोरीला लढाई म्हणून कोण हाक मारील गं? जरा साखर पेरली, एवढंच.”

“मला ओकारी येते त्या साखरेने. माझं नाव काढ त्यातून.”

“आता छापून झालंय.”

दुसऱ्या दिवशी भाची स्वानलाउग तान्ह्या लेकीला घेऊन आली. बारसं येत्या रविवारी, चर्चमध्ये. तोवर नाव बाहेर फोडायचं नाही, अशी तिथली रीत. तिने स्वयंपाकघराचं दार लोटून घेतलं.

“मावशी, तुला म्हणून सांगते. ही पोटात होती तेव्हा आई स्वप्नात आली. मासळी कारखान्यातला तोच रबरी एप्रन. पलंगाच्या कडेला टेकली आणि म्हणाली, ‘मी राहू का तुमच्याकडे?’”

स्टेइनवोरचे डोळे भरून आले. गेलेलं माणूस असं येतं ते नाव मागायलाच, हे त्या गावात लहान पोरालाही ठाऊक.

“पण सासूबाईंना ते नाव जड वाटत होतं. मग तुझं पुस्तक दाखवलं. चांदणं म्हटल्यावर लगेच विरघळल्या.”

“आणि स्वप्नाचं?”

“ते नाही सांगितलं. मी नर्स आहे गं, हसतील मला.”

“अगं, चांदणं खोटं आहे.”

“मग गप्प बस ना, मावशी! तू बोललीस की नाव गेलं.”

ती गेल्यावर स्टेइनवोरने ते पुस्तक पुन्हा उघडलं. बहिणीचं नाव पुन्हा घरात घुमणार होतं, पण त्या चिकट खोट्यात लडबडून. कारखान्यातल्या संपात मुकादमाची वाट अडवून उभी राहिलेली बाई ती! शनिवारी स्टेइनवोर भाचीच्या सासूकडे, ब्यार्नेयकडे गेली. ब्यार्नेय बारशासाठी पातळ पॅनकेक भाजत होती. स्टेइनवोरने खरा अर्थ सांगून टाकला.

“लढाई, आणि वर पुन्हा लढाई?” ब्यार्नेयने उलथणं आपटलं. “नको बाई! सूनबाईला एवढं हवंय कशाला हे नाव?”

“कारण माझी बहीण ते मागायला आली होती.”

ब्यार्नेयने शेगडी बंद केली. “स्वप्नात?”

“एप्रन घालून.”

“आणि हे मला आज कळतंय? मेलेलं माणूस राहू का विचारतं आणि तुम्ही मला चांदणं दाखवता! मी नाही म्हणून बसले असते म्हणजे?”

रविवारी पाद्र्याने नाव विचारलं. स्वानलाउगने ते खणखणीत आवाजात सांगितलं, आणि पोरीने भोकाड पसरलं.

“एक लढाई सुरू झाली,” ब्यार्नेय म्हणाली.

कॉफीच्या वेळी केकशेजारी कुणीतरी हौसेने ते पुस्तक उघडून ठेवलं होतं. “चांदणं! किती गोड!” बायका म्हणत होत्या. स्टेइनवोरने पेन काढून चांदण्यावर काट मारली, शेजारी ‘लढाई, लढाई’ लिहिलं. मग सुरुवातीचं, ‘स्टेइनवोर यांनी तपासले’ म्हणणारं पान फाडलं, चौघडी केली आणि कॉफीच्या गळक्या किटलीखाली सारलं.