झोपाळ्याच्या फळीचे तीन पाट

आमची इमारत पुनर्विकासाला गेली. तीन वर्षांनी आम्ही बिबवेवाडीतल्या त्याच पत्त्यावर परत आलो, फक्त दुसऱ्याऐवजी सातव्या मजल्यावर. नव्या घरात सगळं होतं, पण छताला कड्या नव्हत्या. साइटवरच्या माणसाने सांगितलं, या स्लॅबला भोक पाडायचं नाही. म्हणजे झोपाळा टांगायचा नाही.

झोपाळ्याची सागवानी फळी आईची. बाबांनी आणली तेव्हा मी चौथीत होतो. आई दुपारी तिच्यावर बसून पायाच्या अंगठ्याने जमीन ढकलत भाजी निवडायची. आता ती अठ्ठ्याहत्तर वर्षांची आहे आणि फळी कपाटामागे उभी होती.

"उभी ठेवून वाळवीला द्यायची आहे का?" आई एक दिवस म्हणाली. "तिचे तीन पाट कर. तिघांना सारखे. मोठ्याने मोठा घेतला असं कोणी म्हणायला नको."

मोठा मी. धाकटा भाऊ वाघोलीला, बहीण खराडीला. आईचं वाक्य मी फार मनावर घेतलं. भोकांची दोन्ही टोकं काढून टाकली तर फळी १५०० मिलिमीटर उरत होती. तीनने भागून ५००. निःशेष भाग गेल्याचा आनंद मला या वयातही होतो. घरच्या ग्रुपवर लिहिलं, 'प्रत्येकी ५००.' बहिणीचं उत्तर आलं, 'दादा, सही-शिक्क्याचं पत्र कधी येणार?'

आमच्या मागच्या गल्लीत एका मिस्त्रींचा कारखाना आहे. तिथे टेबल सॉ आहे, म्हणजे लोखंडी टेबलाच्या फटीतून गोल पातं वर येतं ते मशीन. रविवारी सकाळी फळी घेऊन गेलो आणि म्हटलं, कापणार मी, तुम्ही फक्त शेजारी उभे राहा. मिस्त्रींनी आधी माझ्याकडे नखशिखान्त पाहिलं.

"घड्याळ काढा. अंगठी काढा. बाह्या कोपराच्या वर. मशीन चालू असताना माझ्याशी बोलायचं नाही, मीही बोलणार नाही. तेहतीस वर्षं झाली, दहाच्या दहा बोटं आहेत. उगाच नाहीत."

मग त्यांनी फळीवरून लोहचुंबक फिरवला. जुन्या लाकडात खिळ्याचं मोडकं टोक राहिलेलं असतं, पातं त्याच्यावर आपटलं तर दात उडतो. दोन ठिकाणी चुंबक चिकटला. दोन्ही खिळे निघेपर्यंत त्यांनी मला मशीनजवळ फिरकू दिलं नाही.

आडवं कापायचं तर फळी हाताने ढकलायची नाही. टेबलाच्या खाचांतून सरकणारी एक चौकट असते, तिच्यावर फळी दाबून धरायची आणि चौकट पुढे न्यायची. चौकटीवर हव्या त्या अंतरावर एक ठोकळा आवळतात. फळीचं टोक त्याला टेकवलं की तुकडा नेमका तेवढाच निघतो. उभं राहायचं पात्याच्या रेषेत नाही, थोडं बाजूला. तुकडा सुटला तरी पातं पूर्ण थांबेपर्यंत त्याला हात लावायचा नाही. हे सगळं मी एका कागदावर उतरवून घेतलं. मिस्त्री म्हणाले, "लिहा, लिहा. पातं वाचत नाही, पण लिहा."

दोन्ही टोकं काढली. टेपने मोजलं, १५००. ठोकळा ५०० वर लावला आणि पहिला पाट कापला. आवाज थांबल्यावर मोजला. ५००, केसाचाही फरक नाही. सहज उरलेली फळी मोजली.

९९७.

टेप तपासला. पुन्हा मोजलं. ९९७.

"मिस्त्री, तीन मिलिमीटर गेले कुठे?"

त्यांनी खालच्या भुशाकडे बोट दाखवलं. "पातं काय हवा कापतं? सूतभर जाडी आहे त्याची. तेवढं प्रत्येक कापाला खाणार."

"मग आधी बोलला का नाहीत?"

"तुम्ही आकडा दिला, मी ठोकळा लावला. मला वाटलं, थोरल्याचा मान असेल."

उरलेल्या ९९७ मधून अजून एक काप, म्हणजे ९९४, म्हणजे ४९७चे दोन. मोठ्याचा ५००, धाकट्यांचे ४९७. आईने जे होऊ नये म्हणून सांगितलं, ते मी मिलिमीटरपर्यंत अचूक करून ठेवलं होतं. आधी विचार केला असता तर दोन कापांचे सहा वजा करून प्रत्येकी ४९८ मिळाले असते.

बाकड्यावर बसून कागदाच्या पाठीवर आकडे मांडले, आणि मग हसू आलं. ५००च्या पाटाचं आत्ता कापलेलं टोक पुन्हा कापलं, नेमकं पात्याच्या जाडीइतकं, तर तोही ४९७. आणि ठोकळा एकदा ४९७ वर लावला की त्याच ठोकळ्याने बाकीचे दोनही ४९७. माझ्या चुकीची किंमत प्रत्येकी एक मिलिमीटर.

मिस्त्रींनी कागद पाहिला. "बरोबर आहे. पण एवढी बारीक कड कापताना पातं बाजूला सरकायला बघतं. अगदी हळू न्या."

मी इतकं हळू नेलं की मिस्त्रींचा चहा थंड झाला. तिन्ही पाट एकमेकांना लावून उभे केले, कडांवरून नख फिरवलं. कुठेही अडलं नाही.

खाली पट्ट्या ठोकून, तेल लावून पुढच्या रविवारी पाट दिवाणखान्यात मांडले. ग्रुपवर कबुली आधीच दिली होती. बहीण तरीही पर्समध्ये टेप घेऊन आली. "४९७," ती म्हणाली. "तिन्ही. दादा, तू सुटलास." भाऊ म्हणाला, "आता जेवायला वाढा."

पाट फळीत होते त्याच क्रमाने एकमेकांना चिकटवून ठेवले होते. आई खुर्चीत बसून बराच वेळ बघत होती. सागाच्या रेषा दुसऱ्या पाटातून तिसऱ्यात जवळजवळ सरळ जात होत्या. पहिल्या आणि दुसऱ्याच्या मध्ये मात्र त्या किंचित हुकत होत्या, कारण तिथून सहा मिलिमीटर गेले होते. ते मला दिसत होतं. आणखी कोणाला दिसेल असं वाटलं नव्हतं.

आईने पाय लांब केला आणि अंगठा बरोबर त्या सांध्यावर टेकवला.

"इथे चुकलास ना?"

"हो."

"मग हा पहिला तुझा," ती म्हणाली, आणि अंगठ्याने तो पाट माझ्याकडे ढकलला.