अक्कांच्या बॅनरवरचे पंख

आता कुठून सुरू करू राव! आपल्याच हातानं आपलं लगीन कसं मोडावं, ते माझ्याकडून शिका. हसू नका बे, आयका आधी!

केजात माझं फ्लेक्सचं दुकान हाय. आन् मला नाद एका गेमचा. मोठ्यांचा गेम, कोण्या एकट्या गड्यानं घरी बसून बनवलेला. त्यात एक सक्युबस हाय. म्हंजे सपनात येऊन गड्याचा जीव शोषणारी, शिंगं-पंखवाली बाई. काय बाई हाय राव! दिसायला तर हायच, पण जीव घ्यायच्या आधी इचारती, "थकलास का रे? जेवलास?" पस्तिशीच्या बिनलग्नाच्या गड्याला असं कोण इचारतंय? घे म्हनलं जीव!

तर आमच्या पुढारी अक्कांचा वाढदिवस आला. अक्कांनीच माझ्यासाठी परळीचं स्थळ काढलेलं. त्याच दिवशी मुलगी बापासंग माझं दुकान बघायला येनार होती.

"बॅनर असा कर, चौक थांबला पायजे!" अक्का म्हनल्या.

मला लई चेव आला. मागं लालभडक उजेड पायजे म्हनून माझ्या सक्युबसचं चित्र मागच्या थरात टाकलं, त्याच्यावर अक्कांचा हात जोडलेला फोटो. उजेड ठिवून मागची बाई तेवढी पुसायची, तेच छापताना इसरलो!

सकाळी चौकात गेलो, तर वीस फुटी अक्का! डोक्यावर शिंगं, खांद्यामागून वटवाघळाचे पंख, आन् खाली शुभेच्छुक म्हनून माझंच नाव! समोर खुद्द अक्का उभ्या. गेलं म्हनलं लगीन!

"हे काय रे?"

"अक्का, ते... भरारी! आन् शिंगं इरोधकांसाठी!"

अक्कांनी मान वर करून बॅनर नीट बघितला. मग म्हनल्या, "लई भारी! पुढच्या साली पंख अजून मोठे घे."

वाचलो की! बाया तर बॅनरखाली फोटो काढायला लागल्या.

तेवढ्यात परळीची पाव्हणी आली. बॅनर बघितला, मला बघितलं, आन् डोळे असे चमकले तिचे! जवळ येऊन हळूच म्हनली, "हे त्या गेममधल्या सक्युबसचे पंख ना? तुमी बी खेळता?"

बाजूला अक्का, मागं तिचा बाप.

"छे छे! मी? असल्या बाईला मी वळखत बी न्हाई!"

तिचं तोंड एवढंसं झालं. संध्याकाळी अक्कांचा फोन आला, "मुलगी न्हाई म्हनती रे. मानूस सज्जन हाय म्हने, पण आमच्या आवडी जुळत न्हाईत."

सज्जन! आता गेम उघडला की ती सक्युबस इचारती, "थकलास का रे? जेवलास?" आन् तिला वळखत न्हाई म्हनलेला मी खाली मान घालून बसतो.