समन्सवर कोणाचं नाव

आमच्या शेतात बंडी, म्हणजे बैलगाडी, जायची ती शेजाऱ्याच्या धुऱ्यावरून, त्याच्या बांधावरून. एका पेरणीला त्याने तिथे काट्या रचल्या आणि बाबांना देवळीच्या कोर्टाची पायरी चढावी लागली. वाट गेली असती तर सगळा कापूस डोक्यावरून वाहावा लागला असता.

दाव्यात साक्षीदारांची यादी आधीच द्यावी लागते. बाबांनी चार नावं दिली, चारही आमच्याच बाजूची. उलटतपासणीत चौघेही गडबडले. खरी माहिती असलेली एकच व्यक्ती होती, शेजाऱ्याची थोरली बहीण. लग्न होऊन आंजीला जाईपर्यंत ती त्याच धुऱ्यावरून आमच्या बंडीत बसून यायची. तिचं नाव बाबांनी मुद्दाम गाळलं. भावाविरुद्ध साक्ष दिली की बहिणीचं माहेर संपतं, दिवाळीला तिला न्यायला कोणी जात नाही.

मी शाळामास्तर. मला हा निव्वळ भाबडेपणा वाटला आणि रागही आला. आमच्या वकिलांच्या मागे लागून तिला बोलावण्याचा अर्ज मीच करायला लावला. उशिरा नाव द्यायचं तर सबळ कारण लागतं, आणि ते सबळ आहे की नाही हे न्यायाधीश ठरवतात. वकिलांनी लिहिलं, बाई तेव्हा आजारी होती.

न्यायाधीशांनी थेट बाबांनाच विचारलं, "यादीत नाव का नव्हतं?"

"बिमार नोती साहेब. मीच नाई देल्लं. तिचं माहेर तुटलं असतं."

मी कपाळाला हात लावला. अर्ज नामंजूर झाला. माहीत असून गाळलेलं नाव नंतर घालता येत नाही, असं न्यायाधीशांनी सांगितलं.

आदेशाची नक्कल मिळाली तेव्हा वकिलांनी खालच्या ओळी वाचून दाखवल्या. ही साक्ष कोर्टालाच गरजेची वाटते, म्हणून कोर्ट स्वतःहून तिला बोलावत आहे. तो अधिकार न्यायाधीशांना असतो, वापरायचा की नाही ही त्यांची मर्जी. बाबांनी एवढंच विचारलं, "मंग बोलावणारा म्हून आपलं नाव नाई ना?"

ती आली. भावाकडे न बघता, बाबांकडे हात करून म्हणाली, "मले ना भावानं बोलावलं, ना यायनं. कोर्टानं बोलावलं, म्हून आली. बंडी तिथूनच जाये."

वाट मोकळी झाली. मी पेढे आणले, पण बाबांनी एकही तोंडात घातला नाही; त्यांचं लक्ष दिवाळीकडे होतं. भाऊबीजेला शेजाऱ्याच्या मोटरसायकलवर मागे बसून ती गावात आली. संध्याकाळी आमच्या अंगणात येऊन तिने पिशवीतून घडी केलेलं समन्स काढलं.

"भावानं दोनदा वाचलं," ती बाबांना म्हणाली. "मंग म्हणे, कोर्टाले कोण नाई म्हणन, चाल घरी."

बाबांनी चष्मा काढून डोळे पुसले. मला मात्र तिच्याकडे बघवेना. बाबांच्या जागी मी असतो, तर आजारी होती म्हणालो असतो. अर्ज मंजूर झाला असता, आणि त्या कागदावर आमचं नाव असतं.