मालनचं बोलणं बंगळूरलाच राहिलं

बंगळूरला जायचं मी ठरवलं ते काही शिकण्यासाठी नाही. हेडबाई म्हणाल्या, "मावशी, ट्रेनिंगला शाळेच्या दोन जागा आल्यात. एक मी, एक तुम्ही. वसतिगृहात पोरींना शिक्षा तुम्हीच करता ना, मग शिका पण तुम्हीच." मी चौथी शिकलेली. मुलींच्या वसतिगृहाचा स्वयंपाक आणि देखरेख माझ्याकडे. मास्तर-बाईंच्या घोळक्यात मी काय करू, असं तोंडावर सांगणार होते, तेवढ्यात मालन आठवली. मालन बंगळूरला होती.

ती कोण ते आधी सांगते. आठवीतली पोरगी. एक जण तापानं पडली होती, तिच्यासाठी झाकून ठेवलेलं दूध संपलं आणि मालनच्या ओठाला साय दिसली. मी तिला भरल्या पंगतीतून उठवलं, चाळीस पोरींसमोर. "मावशी, ते दूध..." एवढंच म्हणाली. मी म्हटलं, "गप. उठ आधी." पुढं त्या तापवालीनंच सांगितलं, की दूध घशाखाली उतरत नव्हतं, ओतलं तर मावशी ओरडतील, म्हणून मीच मालनला प्यायला लावलं. तोवर मालनचा बाप तिला घेऊन गेला होता. चार वर्षं झाली होती त्याला. तिच्या चुलतीकडून कळलं, बंगळूरच्या पीण्या भागात कपडे शिवायच्या कारखान्यात लागलीय. मी पत्ता घेतला आणि दुधात भिजवून दशम्या केल्या.

कोल्हापूरहून संध्याकाळची एसटी धरली. नव्वदीतली गोष्ट, रस्ता आताएवढा रुंद नव्हता. हुबळी, दावणगिरी, तुमकूर करत सकाळी बंगळूरच्या मॅजेस्टिक स्टँडवर उतरलो तेव्हा पाठीचं लाकूड झालं होतं. तुम्ही जाणार असाल तर मागच्या चाकावरची सीट घेऊ नका, आणि स्वेटर घ्या. भर मे महिन्यात मी पहाटे कुडकुडले.

स्टँडजवळ उभ्यानं खायचं हॉटेल होतं. रवा इडली चांगली, चटणी पातळ. स्वस्तात पोट भरतं, पण टेकायला जागा नाही. हेडबाईंनी "बाय-टू कॉफी" मागितली, तर एकच कॉफी दोन पेल्यांत करून आली.

"हे काय, माझ्यापुरती वेगळी परवडत नाही का?"

"अहो, इथं सगळेच अशी पितात. हळू बोला जरा."

कॉफी मात्र झकास होती. दुसऱ्यांदा मी आख्खी मागितली.

ट्रेनिंग राजाजीनगरला, एका हॉलमध्ये. खुर्च्या नाहीत, सतरंजीवर गोल करून बसायचं. शिकवणारी ताई इथल्याच जुन्या मराठी घरातली. कित्येक पिढ्या इथं, त्यामुळं मराठीत निम्मं कन्नड. पद्धत अशी: पोरानं काही चूक केली की छडी नाही, बाहेर उभं करणं नाही. ज्यानं केलं आणि ज्याला सोसावं लागलं, दोघांना गोलात बसवायचं. काय झालं, कुणाला लागलं, आता ते भरून कसं काढायचं, एवढंच विचारायचं. चन्नपट्टणचा एक रंगीत लाकडी खुळखुळा गोलात फिरायचा. तो ज्याच्या हातात तोच बोलणार, बाकीच्यांनी तोंड मिटून ऐकायचं.

धारवाडकडचे एक पीटीचे मास्तर म्हणाले, "अशानं पोरं डोक्यावर बसतील."

"आत्ता छडीनं कुठं बसलीत, सर?" ताईनं विचारलं.

"शेवटच्या बाकावर!" मास्तर स्वतःच हसले.

मला ते सगळं लांबण वाटलं. दोन मिनिटांत निकाल लागेल त्याला दोन तास कशाला? लोक बोलताना मी मधेच तोंड घालायची आणि ताई दर वेळी म्हणायची, "अक्का, स्वल्प थांबा. खुळखुळा अजून त्यांच्याकडं आहे." माझ्या हातात आला की तो उगाचच वाजायचा. हात स्थिर राहतोय कुठं?

दुसऱ्या दिवशी ताईला मालनचं सांगितलं. ती म्हणाली, "दुपारी जाऊन या. पण अक्का, बोलायला जाऊ नका. ऐकायला जा."

पीण्याची बस पकडली. पाट्या सगळ्या कन्नड. माझं मराठी वाचणंही बोट ठेवून, तेव्हा प्रत्येकाला विचारत गेले. बायकांनी बसमध्ये पुढं बसायचं हे माहीत नव्हतं. कंडक्टर ओरडला, "मुंदे होगि, अम्मा!" पुढं ढकलली गेले आणि नेमकी जागा मिळाली.

कारखान्याला जेवायची अर्ध्या तासाची सुट्टी. पोरींचा लोंढा फाटकाबाहेर आला. मालन मला ओळखूनही जागची हलली नाही. मीच गेले. उंच झाली होती, बोटाला सुईची भोकं. फाटकासमोरच्या झाडाखाली तिला बसवलं, डब्याच्या झाकणात दशम्या आणि शेंगदाण्याची चटणी वाढली. म्हटलं, "जेव. कुणी उठवणार नाही."

आणि मग मी सुरू झाले. चुकलं माझं म्हटलं, ते खरंच म्हटलं. पण तेवढ्यावर थांबले नाही. चाळीस पोरी माझ्या एकटीच्या जिवावर कशा होत्या, दूध किती मोजून यायचं, तुझ्या बापानं कशी घाई केली, सगळं सांगितलं. ती मधे म्हणाली, "मावशी, मी त्या दिवशी..."

"अगं, माहितीय मला. दुधाचं कळलं नंतर."

ती खाली बघून तुकडा मोडत राहिली. पुन्हा एकदा तोंड उघडलं तिनं. मी म्हटलं, "आधी खा तू." घंटा झाली. तिनं नळावर डबा धुतला, पदराला पुसून माझ्या हातात दिला. "सावकाश जा, मावशी." गेली आत.

परतीच्या बसमध्ये मला हलकं वाटत होतं. काम झालं, असंच वाटत होतं.

शेवटच्या दिवशी गोलात खुळखुळा माझ्याकडे आला. मी मालनला भेटल्याचं सांगितलं, माफी मागितली तेही. बायांनी माना डोलावल्या. ताईनं विचारलं, "ती काय म्हणाली, अक्का?"

मी आठवू लागले. सावकाश जा म्हणाली. बाकी काही नाही. मी तिला बोलूच दिलं नव्हतं. खुळखुळा हातात होता आणि पहिल्यांदाच वाजत नव्हता. मी तो शेजारणीकडे दिला.

त्याच संध्याकाळी एसटी होती. पुन्हा पीण्याला जायला वेळच नव्हता. मॅजेस्टिकला तसाच एक खुळखुळा घेतला. घरी आल्यावर हेडबाईंकडून मालनला पत्र लिहवलं, "तू काय सांगणार होतीस ते कळव." उत्तर नाही. दुसरं धाडलं ते परत आलं. काम सोडून गेली, कुठं ते चुलतीलाही माहीत नाही.

आता वसतिगृहात भांडण झालं की पोरी गोल बसतात. खुळखुळा फिरतो, पोरी नको तिथून सुरुवात करतात, चहा गार होतो. मी दातांत पदर धरून बसते. मधे बोलावंसं फार वाटतं. तापवालीनं दुधाची हकिगत सांगितली, पण ती तिची. पंगतीतून उठताना मालनला काय सांगायचं होतं, ते मला अजून माहीत नाही.