तिची वेळ दुपारची होती

हे मी आजवर कुणापाशी बोललेलो नाही. अमरावतीत माझा माहितीपट दाखवला की कुणीतरी विचारतंच, "तिला मारत होते तेव्हा तुम्ही कॅमेरा खाली का नाही ठेवला?" मी ताठ मानेनं सांगतो — आम्ही घडतं ते टिपतो, घडण्यात हात घालत नाही. टाळ्या पडतात. चळवळीची पत्रकं वाचत वाढलेल्या माणसाला असली वाक्यं जमतात.

दर्यापूरकडचं गाव. विहीर कागदावर सगळ्यांची होती, गावाच्या लेखी नव्हती. पार्वताबाईच्या घरानं बौद्ध धम्म घेतला होता. ती त्या विहिरीवर रोज पाणी भरायची — भर दुपारी, सारे वावरात असताना. हे तिनंच मला सांगितलं.

मी म्हणालो, चित्रणासाठी दुपारी नको, संध्याकाळी या. का? दुपारी ऊन डोक्यावर असतं, डोळ्यांखाली काळी सावली पडते, फिल्मवर चेहरा दिसत नाही. संध्याकाळचा तिरपा उजेड चांगला.

"सांजेले सारं गाव रायते ना भाऊ तिथं," ती म्हणाली. मग हसली. "तुमच्या डबड्याले दुपारचं दिसत नाई का?"

मी काय म्हणालो? — घाबरता काय बाई, हक्क आहे तुमचा. हक्क! ज्या शब्दासाठी मी पत्रकं वाटली, तो मी उजेडासाठी वापरला.

ती आली. गावातल्यांनी तिची घागर विहिरीत फेकली, मग काठ्या काढल्या. तिचं मनगट मोडलं. मी चित्रण करत राहिलो.

पण मला सांगायचंय ते याच्याही पुढचं. दुसऱ्या दिवशी तिला चावडीवर उभं करून पाटील ओरडला, "रोज दुपारी येत होती, आमी काई म्हनलं का? काल सांजेले कावून आली? मुद्दाम आली!" म्हणजे दुपारचं त्यांना ठाऊक होतं. सगळ्यांनी माना डोलावल्या. दोष तिचा ठरला.

मी दारातच उभा होतो. मी बोलावलं म्हणून आली — एवढंच म्हणायचं होतं. पण म्हटलं असतं तर मी 'टिपलेलं' सारं घडवलेलं ठरलं असतं. तिनं माझ्याकडे पाहिलं. जरा थांबली — मी बोलावं म्हणूनच, दुसरं काय? मग पाटलाला म्हणाली, "घरात पानी नवतं."



तिचं मनगट वाकडंच बसलं. पुढं ते घर गाव सोडून अकोल्याला, जुन्या शहरात गेलं. मीही अकोल्याला जातो, माहितीपट दाखवायला. मोर्णा नदीच्या अलीकडेच थांबतो, जुन्या शहराकडचा पूल ओलांडत नाही. विहिरीचा प्रसंग आला की लोक म्हणतात, उजेड काय सुंदर पकडलाय!

मी आभार मानतो.