पोशव्वाचा निरोप

पोशव्वा कुणाला हातानं शिवत नसे. धर्माबादच्या मिरचीच्या गोदामात वीस-बावीस वर्षं देठ खुडून तिची बोटं इतकी तिखट झाली होती, की शेजारचं लेकरू रडत आलं तर ती त्याला कोपरानं जवळ घ्यायची. "हाताला नको लागू बाळा. हात न्हाई, विस्तू हाय," म्हणायची.

नॉर्वेहून दोघं जण मिरचीवर माहितीपट करायला आले, तेव्हा कॉलेजात इंग्रजी शिकवणारा म्हणून दुभाष्याचं काम माझ्याकडे आलं. पहिल्या पाच मिनिटांतच कॅमेरावाली बाई ठसका लागून बाहेर पळाली. गोदामातल्या बाया हसल्या. पोशव्वा तेवढी गुळाचा खडा घेऊन तिच्यामागे गेली. पाहुण्यांनी मग तिलाच निवडलं.

तिनं मला एकच विचारलं, "सर, ह्यांच्या देशात समुद्र हाय का?"

"पुष्कळ आहे. जहाजंही पुष्कळ."

तिचा धाकटा भाऊ साईलू जहाजावर कामाला गेला होता. नऊ वर्षांत त्याची खबर नव्हती.

दुसऱ्या दिवशी ती ठेवणीतलं लुगडं नेसून आली. कामाबद्दलचे प्रश्न संपले, तशी सरळ कॅमेऱ्यात बघून म्हणाली, "साईलू, मेलास का जिता हायस? माय तुझं नाव घेत घेत गेली. एकदा तोंड दाखव." मी भाषांतर केलं. कॅमेरावालीनं मान खाली घातली.

वर्षभरानं फिल्म आली. गोदामाच्या ओट्यावर सगळ्यांनी ती माझ्या लॅपटॉपवर पाहिली. पोशव्वाची बोटं, मिरच्यांचा ढीग, तिचं हसू. बाया खूश होत्या. पोशव्वा शेवटची नावं सरकून जाईपर्यंत हलली नाही.

"माझं बोलणं कुठाय?"

"कापलं त्यांनी. सगळं मावत नाही."

मला वाटलं, आता चिडेल. पण ती म्हणाली, "मग तुम्हीच काढा की तुमच्या फोनात."

मी फोन समोर धरला. या वेळी तिचा आवाज चढला नाही. "साईलू, अक्का बोलून राहिली. येणं जमत नसंल तर नको येऊ. मी रागावले न्हाई. हायस, एवढं सांग. सरांचा नंबर खाली हाय." मग माझ्याकडे वळून म्हणाली, "बास. लई बोललं की माणूस ऐकत न्हाई."

तो व्हिडिओ मी इंटरनेटवर टाकला. पुढे मी गोदामावरून जाताना ती नुसती भुवई उंचवायची. मी नकारार्थी मान हलवायचो. तिनं तोंडानं कधीच विचारलं नाही. असं दोन वर्षं चाललं. मागच्या हिवाळ्यात ती छातीच्या दुखण्यानं गेली.

साईलूचा फोन आलाच, तर अक्का कुठंय हे आता मलाच सांगावं लागेल. काय सांगायचं, ते मला अजून सुचलेलं नाही. तरी सकाळी उठलो की व्हिडिओखाली कुणी काही लिहिलंय का, ते मी बघतो.